हाटे मॅडमचं तिसरं पुस्तक

दिनांक १४ नोव्हेंबर २०२२. रक्कम रुपये एक लाख बेचाळीस हजार सहाशे. आमच्या महाविद्यालयाच्या इंग्रजी विभागप्रमुख डॉ. प्रियदर्शिनी हाटे यांनी एवढी रक्कम आपल्या भविष्य निर्वाह निधीतून काढण्यासाठीचा अर्ज माझ्या टेबलावर ठेवला. कारणाच्या रकान्यात एकच शब्द होता: पुस्तक.

मी या कार्यालयातला मुख्य लिपिक. बी.कॉम. झाल्यावर इथे लागलो आणि आता निवृत्तीला आलो. निधीतून पैसे काढायला आजारपण चालतं, मुलीचं लग्न चालतं, घरदुरुस्ती चालते. पुस्तक चालत नाही. मी अर्ज त्यांच्याकडे परत सरकवला.

"मॅडम, घरदुरुस्ती लिहा. पुरानं तुमच्या भिंती खाल्ल्या, हे सगळ्या महाडला माहीत आहे."

"दुरुस्ती मागच्या वर्षीच झाली, झकेरियाभाई."

"ते बघायला कोण येतंय?"

"माणूस स्वतःबद्दल कागदावर काय लिहितो, तीस वर्षं मी हेच शिकवते. आणि माझ्याच अर्जात थाप मारू?"

अर्ज दोनदा परत आला. तिसऱ्यांदा त्यांनी 'इतर' या रकान्यात खूण केली आणि सोबत चार पानी पत्र जोडलं. जानेवारीत पैसे जमा झाले. बाई कशी होती ते कळावं म्हणून हे आधी सांगितलं.

मॅडम महाडजवळच्या नाते गावच्या, तिथल्या बौद्धवाडीतल्या. वडील मोटार मेकॅनिक, आई दुसऱ्याच्या शेतावर जायची. बी.ए.ला असताना याच महाविद्यालयाच्या ग्रंथालयात रद्दीत काढलेल्या ढिगातून त्यांना एक अमेरिकन आत्मचरित्र मिळालं. गुलाम म्हणून जन्मलेल्या एका बाईनं लिहिलेलं. वरचा पुठ्ठा नव्हता आणि पहिली सोळा पानं नव्हती. "ती सोळा पानं शोधायला मी पीएच.डी. केली," असं त्या नव्या मुलांना सांगायच्या. मुलं हसायची, पण ते खरंच होतं. हैदराबादच्या एका ग्रंथालयात त्यांना पूर्ण प्रत सापडली. त्या सोळा पानांत त्या बाईचा एक शब्दही नव्हता. गोऱ्या गृहस्थांनी दिलेले दाखले होते. ही बाई आमच्या परिचयाची आहे, सत्य बोलणारी आहे, हे तिनंच लिहिलं आहे, अशा अर्थाचे. गुलामगिरीतून सुटलेल्या माणसानं आपलं आयुष्य लिहिलं तरी ते खरं मानायला दुसऱ्याची सही लागायची.

मॅडमचं पहिलं पुस्तक या दाखल्यांवर आहे. दुसरं बायकांच्या आत्मचरित्रांवर, अमेरिकेतल्या आणि आपल्याकडच्या. दोन्ही इंग्रजीत. पहिल्याच्या एकसष्ट प्रती खपल्या, दुसऱ्याच्या चौऱ्याण्णव. माझं इंग्रजी बेताचं असूनही मी दोन्ही वाचली. पहिल्या खेपेला फक्त ग्रंथालयाचं बिल पास करायचं म्हणून उघडलं होतं.

तिसरं पुस्तक वेगळं होतं. वीस मार्च एकोणीसशे सत्तावीसला चवदार तळ्यावर जे घडलं, त्याचे छापील वृत्तांत आहेत, भाषणं आहेत. पण महाड-पोलादपूरच्या वाड्यांवस्त्यांवरच्या म्हाताऱ्या बायका तो दिवस घरात कसा सांगतात, ते कुणी लिहिलं नव्हतं. मॅडमनी नऊ बायका शोधल्या. त्यांचं सांगणं ध्वनिमुद्रित केलं, हातानं कार्डांवर उतरवलं. एका पानावर बाईचं बोलणं जसंच्या तसं आणि समोरच्या पानावर मॅडमचा अभ्यास, अशी पुस्तकाची रचना होती. समाजाची आठवण म्हणजे काय, ती कुणाकडून कुणाकडे जाते, असा तो विषय. पुस्तक वीस मार्चला तळ्याजवळच्या स्टॉलवर ठेवायचं, हे पहिल्या दिवसापासून ठरलेलं.

पहिलं प्रकरण होतं येसूबाईंचं. माहेर नाते, सासर कुडपण. पोलादपूरच्या वर डोंगरात, पठारावर. वयानं सगळ्यांत मोठ्या. त्यांच्या कथनाची सुरुवात मला पाठ आहे: "मी तवा सात-आठ वर्साची. आयेचा हात धरून नात्यावरनं चालत आले. तळ्याची पायरी उतरले, वंजळ भरली आन् पानी पिले." दरवर्षी वीस मार्चला एक स्थानिक समिती येसूबाईंना मंचावर बसवून शाल देत असे. त्या दिवशी पाणी प्यायलेली हयात असलेली एकमेव बाई, अशी त्यांची ओळख करून दिली जाई.

आता माझी चूक सांगतो.

दोन हजार एकवीसच्या जुलैतल्या पुरात मॅडमच्या तळमजल्यावर माळ्यापर्यंत पाणी होतं. कार्डांची पेटी चिखलातून निघाली. अकराशे चाळीस कार्डं. मॅडम तेव्हा तापानं आजारी होत्या. पेटी मी घरी नेली. माझी बायको सकिना हिनं आणि मी मिळून कार्डं धुतली आणि गच्चीवर पत्र्याखाली दोऱ्या बांधून चिमट्यांनी वाळवली. पाऊस उघडेपर्यंत ते काम दीड महिना चाललं. वाळल्यावर ती लावायची कशी? आधीचा क्रम गेला होता. मी हिशोबातला माणूस. मी ती तारखेवार लावली. जी घटना आधीची ती आधी. मागे नऊही बायकांची जन्मसालाप्रमाणे एक यादीही केली. विद्यार्थ्यांनी आधारकार्डं बघून भरलेले तक्ते होते, त्यांतून सालं घेतली. यादी स्वच्छ टंकलिखित केली. फेब्रुवारीत पुस्तकाची फाइल पुण्याला प्रकाशकाकडे पाठवायचं काम मॅडमनी माझ्यावर सोपवलं, तेव्हा मी ती यादीही जोडली. कुणी मागितली नव्हती. कागद पुरे असावेत म्हणून जोडली.

सत्तावीस फेब्रुवारीला पुण्याहून मेल आली. संपादिकेचं नाव मानसी. मुलगी नम्र होती. तिनं लिहिलं होतं की यादीप्रमाणे येसूबाईंचा जन्म एकोणीसशे एकतीसचा, म्हणजे तळ्याच्या प्रसंगानंतर चार वर्षांनी. तेव्हा एक तर त्या हजर असल्याचा पुरावा द्यावा, नाही तर 'निवेदिका प्रत्यक्ष उपस्थित नव्हत्या' अशी तळटीप द्यावी, नाही तर प्रकरण काढावं. चार मार्चला संध्याकाळी सहापर्यंत निर्णय कळला नाही तर छपाई वीस तारखेच्या आत होणार नाही.

मी मेलची प्रत काढून मॅडमच्या खोलीत गेलो. त्यांनी वाचली, मग खाली जोडलेली माझी यादी वाचली.

"ही कुणी केली?"

"मी."

"झकेरियाभाई, तुम्ही माझी माणसं तारखेवार लावलीत?"

मी मान हलवली.

"माणूस आठवतो तो तारखेवार आठवत नाही हो. येसूबाई आधी वंजळीबद्दल बोलल्या, मग लग्नाबद्दल, मग पुन्हा पाण्याबद्दल. तोच तर माझा अभ्यास आहे." त्यांनी यादी टेबलावर ठेवली. "पण तुम्ही चुकलात असं कुठल्या तोंडानं म्हणू? तक्ता माझ्या घरातही होता. मी तो कधी उघडून बघितला नाही. बघायचा नव्हता मला."

"तळटीप देऊन टाका, मॅडम."

"एक ओळ. आणि वीस तारखेला सगळ्या महाडसमोर त्या म्हातारीला खोटी ठरवायची."

"मग तसंच छापा."

"आणि मला माहीत असून?" त्या खुर्चीत मागे टेकल्या. "शिवाय जे टपलेले आहेत ते म्हणतील, एक खोटी म्हणजे नऊही खोट्या."

बातमी कशी पसरली मला माहीत नाही. एक मार्चला सकाळी येसूबाईंचा नातू बुद्धरत्न कार्यालयात आला. पंचेचाळिशीचा माणूस, पोलादपूरच्या एका शाळेत शिक्षक. मोटारसायकलचं हेल्मेट त्यानं माझ्या टेबलावर आदळलं.

"मॅडम कुठायत?"

मॅडम समोरच उभ्या होत्या.

"ताई, तुम्ही आमच्यातल्या. परक्यानं केलं असतं तर समजलो असतो. माझ्या आजीला खोटी ठरवताय?"

"अजून काहीही ठरवलेलं नाही, सर. बसा."

"बसायला नाही आलो. आधारवरचं साल म्हणजे काय? शिबिरातल्या पोरानं आजीच्या तोंडाकडे बघितलं आणि टाकलं. अंदाजपंचे! त्याच्यावर तुमचं संशोधन चालतं?"

"शक्य आहे. साल चुकीचं असू शकतं."

हे ऐकून तो निवळला. खिशातून घडी केलेला स्टँप पेपर काढला. "मग झालं. मी प्रतिज्ञापत्र करून देतो. आजीचा जन्म एकोणीसशे एकोणीसचा. समितीचे दोघं साक्षीदार म्हणून सही करतील. हे पुस्तकाच्या पुढं छापा, वाटलं तर."

मला हायसं वाटलं. कागद मिळाला की काम पुढे सरकतं. मी हात पुढे केला. मॅडमनी तो कागद माझ्या हातात पडू दिला नाही.

"पुस्तकाच्या पुढं दाखला," त्या म्हणाल्या. "सर, अशा दाखल्यांवर मी एक आख्खं पुस्तक लिहिलंय."

"मग तर सोपंच आहे की."

"अवघड आहे. बाई जिवंत आहे, बोलते आहे, आणि तिच्याबद्दल सही करणार तुम्ही तिघं पुरुष. ते मी करणार नाही. मी आजींनाच विचारीन."

"काय विचाराल?"

"माझी पद्धत आहे. छापायच्या आधी ज्याचं त्याला वाचून दाखवायचं. आठ जणींना दाखवलं. येसूबाईंचं तेवढं राहिलं, आधी कोरोना, मग पूर. शनिवारी येते."

बुद्धरत्ननं हेल्मेट उचललं. "या. आजीचं घर आहे, मी कोण अडवणार. पण सालाचा विषय काढलात तर वाचन तिथंच थांबेल. आणि ताई, ब्याण्णवाव्या वर्षी तिला काही झालं तर तुमच्या पुस्तकात तेही लिहा."

रागात तो ब्याण्णव म्हणून गेला. त्याच्या स्वतःच्या प्रतिज्ञापत्राप्रमाणे ती एकशे चार भरत होती. मी मॅडमकडे बघितलं. त्यांनीही ऐकलं होतं.

चार मार्च, शनिवार. पोलादपूरहून जीप केली. जीपवाला राहुल बोलका होता, पण आम्हा दोघांची तोंडं बघून त्यानं गाणी लावली. घाटात एका वळणापुढं मोबाइलची रेंज गेली. मी घड्याळ बघितलं, सव्वाअकरा. सहाच्या आत पुन्हा या वळणाच्या खाली यायला हवं होतं.

येसूबाई अंगणात नाचणी पाखडत बसल्या होत्या. कानानं तिखट, नजरेनं थोड्या कमी. मॅडमचा आवाज ऐकताच सूप बाजूला ठेवलं.

"आली गो माझ्या म्हायेरची लेक! किती वाळलीस. कालेजात जेवाय घालीत नाय काय?"

"पुस्तकानं वाळले, आजी."

"मंग सोड त्ये. आन् ह्यो कोन?"

"झकेरियाभाई. हापिसातले."

"म्हाडचे काय? बस रे बाबा. पुरात घर ऱ्हायलं का?"

राहिलं, म्हणालो. बुद्धरत्न दाराच्या चौकटीला टेकून उभा होता. त्यानं नमस्कार केला नाही. त्याची बायको चहा ठेवून आत गेली. मॅडमनी पिशवीतून पानं काढली आणि वाचायला लागल्या. येसूबाई डोळे मिटून ऐकत होत्या आणि ओठांनी पुटपुटत होत्या, मॅडमच्या एक शब्द पुढेच. नात्याची वाट, ऊन, आईचा हात. मॅडम पायरीपर्यंत आल्या. "वंजळ भरली आन् पानी पिले."

"थांब," येसूबाई म्हणाल्या. "तसं नाय."

बुद्धरत्न चौकटीपासून सुटा झाला.

"मग काय राहिलं, आजी?" मॅडमनी विचारलं.

"लगेच नाय प्याले. पयला हात बुडवला मनगटापातूर, आन् तसाच ठेवला. कोन वरडतंय काय ते बघितलं. कोन वरडलं नाय. मंग वंजळ भरली. ह्ये लिवलं नाय व्हय तू?"

"तुम्ही सांगितलं नव्हतं."

"ऱ्हायलं आसंल. लिव."

मॅडमनी लिहून घेतलं. लिहून झाल्यावरही त्या पानाकडेच बघत राहिल्या. मग मान वर केली.

"आजी, तुमचा जन्म कधीचा?"

"ताई!" बुद्धरत्न पुढे आला. "काय ठरलं होतं?"

"मी काहीच ठरवलं नव्हतं, सर."

"बंद करा ते. आजी, तू आत चल."

"का रे? आत काय हाय?" येसूबाई जागच्या हलल्या नाहीत. त्यांनी मॅडमच्या दिशेनं तोंड केलं. "जलमाचं मला काय म्हाईत. लिवून कोन ठेवनार? आय म्हनायची, तू तळ्यानंतरची."

आतली भांडी वाजायची थांबली. मी बुद्धरत्नकडे बघायचं टाळलं.

"मग आजी," मॅडम अगदी हळू म्हणाल्या, "तो हात कुणाचा? पाण्यात बुडवलेला?"

"आयेचा. दुसऱ्या कोनाचा आसनार?"

"पण तुम्ही 'मी' म्हणता."

"मंग काय म्हनू?" येसूबाईंना हा प्रश्न खुळा वाटल्याचं दिसलं. "माझी आय, सोनाबाई, पान्याला जाताना वाटंनं रोज माझ्याकडनं म्हनून घ्यायची. झऱ्यावर पोचेस्तोवर पुरं व्हायाला पायजे. मी म्हटलं, आय तळ्यावर गेली, का पाठीत धपाटा. 'आय गेली' नाय म्हनायचं, 'मी गेले' म्हन. 'ती' म्हटलंस तर तुझी पोर 'ती' बी नाय म्हनायची, ती म्हनंल कोन तरी व्हती. धा-अकरा वर्साची व्हते तेवापातूर म्हनते. आता तोंडात तसंच येतंय."

मॅडमच्या मांडीवरची पानं घसरून सारवलेल्या अंगणात पडली. मी गोळा केली. सांगणारा 'मी' नक्की कोण, या ज्या प्रश्नाभोवती त्यांनी दोन पुस्तकं लिहिली, तो त्या म्हातारीनं नाचणी पाखडता पाखडता सोडवला होता, असं मला वाटलं. त्यांना काय वाटलं ते त्यांनी मला कधी सांगितलं नाही.

"झालं समाधान?" बुद्धरत्नचा आवाज चिरकला. "आता छापा. आणि आजी, पेटीत अठरा शाली आहेत, त्यांचं काय करायचं? मंचावर दरसाल बसलीस. लोक पाया पडले. उद्या शाळेत कुठल्या तोंडानं जाऊ मी?"

"तू शाळत काय शिकवतोस रे?"

"तुला माहीत आहे."

"सांग तरी."

"गणित."

"मंग येवढी वर्सं तुला वजाबाकी नाय आली?"

बुद्धरत्नला वजाबाकी आली होती, बहुधा मुद्दामच करून कुठेतरी ठेवून दिली होती. एक तारखेला त्याच्या तोंडून निसटलेलं ब्याण्णव मला आठवलं, पण ते बोलून दाखवायची ती जागा नव्हती. तो अंगण ओलांडून गोठ्याच्या बाजूला गेला.

येसूबाई त्याच्या पावलांचा आवाज ऐकत राहिल्या. त्यांचाही चेहरा उतरला होता. "शाल पांघरताना बरं वाटायचं गो," त्या म्हणाल्या. "खोटं कशाला बोलू. पयल्या टायमाला सांगनार व्हते, माझी आय म्हनून. पन माईकवाला घाईत व्हता. मंग दुसऱ्या वर्साला कसं सांगू? सात-आठ वर्साची, आयेचा हात धरून, ह्ये तवा मंचावरनं मीच जोडलं."

"आजी, कसं छापू ते तुम्ही सांगा. काढून टाकू?"

"काढू नको!" त्यांनी मॅडमचं मनगट धरलं. "आयेचं हाय. काढलंस तर आय गेली."

"मग 'मी'च्या जागी 'आय' लिहू?"

"नाय. धपाटा बसंल." पहिल्यांदा मॅडम हसल्या, आणि लगेच डोळे पुसले. येसूबाईंनी सूप पुन्हा मांडीवर ओढलं. "आसं कर. वर दोगींची नावं घाल. प्याली सोनाबाई, सांगनार येसूबाई. मी तळ्यानंतरची, ह्ये बी घाल. आन् मधी 'मी' हाय तो तसाच ऱ्हाऊ दे. इचारलं कोनी, तर म्हनावं तिच्या आयेची तशी शिस्त व्हती."

मॅडमनी ते शब्द तसेच उतरवले आणि वाचून दाखवले. येसूबाई साक्षरता वर्गात सही शिकलेल्या होत्या. पेन मी दिलं. चार अक्षरं काढायला त्यांना बराच वेळ लागला, तेवढा वेळ मी घड्याळाकडे बघितलं नाही. नंतर बघितलं तेव्हा साडेतीन वाजून गेले होते.

निघताना मॅडम गोठ्याकडे गेल्या. मी जीपपाशी उभा होतो, पण शब्द ऐकू येत होते.

"सर, तुम्हीही पान वाचा. अजून बदल करता येईल."

"आजीनं सही केली ना? मग मला कशाला विचारता?" तो दावणीची गाठ सोडून पुन्हा बांधत होता. "ताई, तुम्ही पुस्तक लिहिणार, तुमचं नाव होईल. आम्हाला इथं राहायचंय. सव्वीस वर्षं वर्गात पोरांना सांगतोय, माझ्या आजीनं ते पाणी प्यायलं. आता त्यांना काय सांगू?"

"पणजीनं प्यायलं, असं."

"तुम्हाला सोपं वाटतं."

मॅडम जीपकडे वळल्या.

पाच वाजून दहा मिनिटांनी त्या वळणावर रेंज आली. राहुलनं जीप कडेला घेतली. मॅडमनी मानसीला फोन लावला. पुरावा मिळाला का, असं तिनं विचारलं असावं, कारण मॅडम म्हणाल्या, "पुरावा नाही. त्याहून मोठं काहीतरी मिळालंय. लिहून घे." आणि रस्त्याच्या कडेला दगडावर बसून त्यांनी दोन पानं सांगितली. पलीकडून एक आक्षेप आला, दुसरा आला. मॅडमचा आवाज चढला नाही. "नाही, तळटीप नको. मुख्य मजकुरातच येईल. माझी चूकही येईल, मी तक्ता बघितला नव्हता ही. प्रकरणाच्या आधी नाही, नंतरही नाही, तिच्या बोलण्यातच." सहाला सात मिनिटं कमी असताना मानसीनं मान्य केलं. सहीच्या पानाचा फोटो मी तिथूनच पाठवला. तो जायला तीनदा प्रयत्न करावा लागला.

पुस्तक एकोणीस मार्चला संध्याकाळी टेंपोनं आलं. दोनशे अठ्ठेचाळीस पानं, पाचशे प्रती. पहिल्या प्रकरणावर दोन नावं.

वीस तारखेला स्टॉलवर मी बसलो होतो. गर्दी दरवर्षीसारखीच अफाट. मंचावर येसूबाईंची खुर्ची नव्हती. बुद्धरत्ननं समितीला आधीच कळवलं होतं की या वर्षी आजीचं नाव घेऊ नका. कारण त्यानं सांगितलं नाही आणि समितीनंही विचारलं नाही. येसूबाई मात्र आल्या. पोलादपूरच्या बायकांच्या टेंपोत बसून आल्या आणि मंडपात सतरंजीवर सगळ्यांबरोबर बसल्या. ओळखणाऱ्या बायका येऊन पाया पडत होत्या. एका मुलीनं विचारलं, "आजी, तुम्ही होतात ना त्या दिवशी?" त्या म्हणाल्या, "माझी आय व्हती. बस, सांगते." आणि सुरू केलं, "मी तवा सात-आठ..." तिथेच थांबल्या. इतक्या वर्षांत येसूबाई या जागी थांबल्याचं मी तरी ऐकलं नव्हतं. मग म्हणाल्या, "मी नात्यावरनं चालत आले. पायरी उतरले. पयला हात बुडवला." सात-आठ वर्षांची मुलगी त्यांनी गोष्टीतून काढून टाकली होती. आईचा हात धरणारं आता कुणी नव्हतं, आईच चालत आली होती.

मॅडम मागे उभं राहून ऐकत होत्या. त्यांनी वही काढली नाही.

त्या दिवशी एकशे बारा प्रती गेल्या. दोन जणांनी स्टॉलवर येऊन वाद घातला. येसूबाईंचा अपमान केला असं एकाचं म्हणणं, आणि एकीचं खोटं उघडं पडलं, आता बाकीच्याही तपासा, असं दुसऱ्याचं. मॅडमनी दोघांना खुर्ची दिली आणि पान उघडून वाचायला सांगितलं. पहिल्यानं वाचलं. दुसऱ्यानं वाचलं नाही.

चारच्या सुमाराला बुद्धरत्न आला. मॅडम तेव्हा मंडपात होत्या, त्या नाहीत हे बघूनच तो आला असावा. त्यानं एक प्रत उचलली आणि पहिलं प्रकरण उभ्यानंच वाचलं, शेवटच्या ओळीपर्यंत. मी पावती पुस्तक पुढे ओढलं. त्यानं प्रत बगलेत धरली, "पैसे नंतर देतो" म्हणाला आणि गर्दीत गेला. मॅडमशी तो त्यानंतर आजतागायत बोललेला नाही. शाळेत तो मुलांना काय सांगतो, ते मला माहीत नाही. येसूबाई पुढच्या वर्षीही आल्या आणि सतरंजीवरच बसल्या. मॅडम निवृत्त होऊन नात्याला राहायला गेल्या. कार्डांची पेटी त्यांनी मागवून घेतली आणि माझा तारखेवार क्रम मोडून टाकला.

बुद्धरत्ननं नेलेल्या प्रतीचे दोनशे ऐंशी रुपये अजून यायचे आहेत.